इसारपावतीवरची माझी सही



येत्या जिल्हा बैठकीपुढे एक ठराव येतो आहे. ‘शेतजमिनीच्या साठेखतांवरून चालू असलेले सगळे दावे रद्द करावेत आणि साठेखताच्या आधारावर कोणाही शेतकऱ्याला जमीन लिहून द्यायला भाग पाडू नये’, असा त्याचा मजकूर आहे. हा ठराव ज्यांनी लिहिला त्यांच्या घरी काय चालले आहे ते मला ठाऊक आहे. तरीही मी त्याच्या विरोधात बोलणार आहे. बैठकीत प्रत्येकाला पाच मिनिटे मिळतात आणि माझे म्हणणे पाच मिनिटांत बसणारे नाही, म्हणून इथे लिहितो.

आधी माझीच गोष्ट सांगतो. २००९ साली शेजारच्या गावातला एक अकरा एकरवाला माझ्याकडे आला. विहिरीचे खोदकाम अर्धवट पडले होते, बँकेचे जुने कर्ज थकलेले, नवे मिळत नव्हते. तालुक्याचा एक व्यापारी दीड लाख द्यायला तयार होता. अट एकच, नाल्याकडच्या चार एकरांची इसारपावती करून द्यायची. स्टँपवर लिहिले होते की साठ हजार रुपये एकराने चार एकर विकायचे ठरले, दोन लाख चाळीस हजारांपैकी दीड लाख रोख मिळाले, उरलेले नव्वद हजार खरेदीखताच्या वेळी मिळतील. खरेदीखत कधी करायचे याची तारीख नव्हती. व्याजाचा कुठे उल्लेख नव्हता. ‘भाऊ, तुम्ही शिकलेले, वाचून पाहा आणि साक्षीला सही करा,’ असे तो म्हणाला. मी वाचले. ‘हे तर विक्रीचे आहे, तू तर उसने घेतोस,’ असेही म्हणालो. व्यापारी हसला, ‘कागद नावाला असतो, पैसे आले की फाडून टाकू.’ आणि मी सही केली.

जमिनीचा सामू, खोली, निचरा हे मला कॉलेजात चार वर्षे शिकवले. जमिनीचा कागद कसा वाचायचा ते कोणी शिकवले नाही. पण हे निमित्त झाले. खरे असे की, समोरचा माणूस अडला आहे आणि आपण मध्ये येऊ नये, एवढाच विचार मी केला.

त्या माणसाने पुढच्या दोन हंगामांत व्यापाऱ्याच्या खात्यावर कापूस घातला. पावती घेतली नाही. २०१३ साली तालुक्यात जमिनींचे भाव चढले, तेव्हा व्यापाऱ्याची नोटीस आली: नव्वद हजार घ्या आणि चार एकरांचे खरेदीखत करून द्या. याने नकार दिला. २०१४ साली दावा लागला.

कायद्यात या दाव्याला कराराची विनिर्दिष्ट पूर्तता म्हणतात, कोर्टाच्या आवारात स्पेसिफिक परफॉर्मन्स. आपल्या भाषेत, खरेदीखत करून मिळण्याचा दावा. साठेखताने जमीन दुसऱ्याची होत नाही. मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५४ मध्ये हे स्पष्ट आहे. सातबारा तुमच्याच नावे राहतो. पण त्याच कागदावर कोर्टात जाऊन समोरचा म्हणू शकतो की, याने विकायचे कबूल केले होते, त्याला विकायला लावा. हुकूमनामा झाला आणि तुम्ही सब-रजिस्ट्रारकडे गेला नाहीत, तर तुमच्या वतीने कोर्टच खरेदीखत करून देते. तुमची सही लागत नाही.

हा उपाय जमिनीलाच का? सरकीची दहा पोती ठरवून कोणी दिली नाहीत तर बाजारातून दुसरी घ्या आणि भावातला फरक मागा, असे कायदा सांगतो. जमिनीचे तसे नाही. एका वावराची काळी पाच हात खोल असते, बांधापलीकडे वितभर मातीखाली मुरूम लागतो. एकावर पऱ्हाटी छातीएवढी होते, दुसऱ्यावर ज्वारीची कणसेसुद्धा भरत नाहीत. एकासारखे दुसरे वावर नसते. म्हणून १९६३ च्या विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमाने मूळ धरूनच चालले होते की, जमिनीचा करार मोडल्यास पैशाने नुकसान भरून निघत नाही. मातीचा विद्यार्थी म्हणून मला हे पटते. कायदा करणाऱ्यांनी जमीन पाहिलेली होती.

पण त्याच कायद्यात कलम २० होते. करार खरा असला तरी खरेदीखत करून द्यायला लावायचे की नाही, हे न्यायाधीशाच्या विवेकावर होते. विवेक मनमानी नव्हे, असेही त्यात लिहिले होते. किंमत कमी लावली एवढ्यावरून सौदा मोडता येत नसे. मात्र घेणाऱ्याने गैरफायदा घेतलेला दिसला, किंवा आधी न दिसलेली मोठी आपत्ती विकणाऱ्यावर ओढवत असली, तर कोर्ट म्हणू शके की जमीन नाही, पैसे परत घ्या.

माझी साक्ष झाली. व्यापाऱ्याच्या वकिलाने विचारले, ‘सही तुमचीच? रक्कम तुमच्यासमोर दिली? कागदात कर्ज असा शब्द आहे?’ पहिल्या दोन प्रश्नांना हो, तिसऱ्याला नाही. मग मी सांगितले की व्यवहार उसनवारीचा होता आणि ते बोलणे माझ्यासमोर झाले. तो म्हणाला, ‘म्हणजे खोटा मजकूर आहे हे माहीत असून तुम्ही साक्षीदार म्हणून सही केली?’ मी हो म्हणालो. आंदोलनात मी दोनदा तुरुंग पाहिला, त्याची लाज कधी वाटली नाही. त्या ‘हो’ची वाटली.

२०१७ साली निकाल लागला. न्यायाधीशांनी कलम २० वापरले. खरेदीखत नाकारले, दीड लाख व्याजासह परत करायला सांगितले. कापसाची पावती नसल्याने ते पैसे हिशेबात धरले गेले नाहीत. याने एक एकर विकून रक्कम भरली. चारातले तीन एकर वाचले.

आता तोच कागद आज लिहिला असता तर काय झाले असते ते पाहा. २०१८ साली संसदेने हा कायदा बदलला आणि बदल १ ऑक्टोबर २०१८ पासून लागू झाला. जुने कलम २० गेले. त्या जागी पर्यायी पूर्ततेचे, म्हणजे काम दुसऱ्याकडून करून घेऊन खर्च वसूल करण्याचे कलम आले. कलम १० आता सांगते की, काही ठरावीक अपवाद सोडले तर कोर्टाने कराराची पूर्तता करून द्यायचीच. आपत्ती, गैरसोय, भाव वाढला, ही विवेकाची दारे बंद झाली. हा बदल रस्ते, वीज, मोठे कारखाने यांचे करार अडकू नयेत अशा विचाराने आला. त्यासाठी वेगळी कलमेही घातली आहेत. पण कायदा चार पदरी रस्त्याच्या ठेक्याला लागू होतो तसाच चार एकराच्या इसारपावतीलाही होतो. बदल झाला तेव्हा आपल्यापैकी कोणी त्यावर एक ओळ लिहिली नाही. मीही नाही.

कागद १ ऑक्टोबर २०१८ पूर्वीचा असेल तर जुना नियम लागेल की नवा, हे वकिलाकडून नीट तपासून घ्या. सर्वोच्च न्यायालयाने २०२२ साली त्यावर एक निकाल दिला आणि २०२४ साली फेरविचारात तोच निकाल मागे घेतला. गावातल्या ऐकीव सल्ल्यावर इथे विसंबू नका.

मग ठरावाला विरोध का? कारण साठेखताची दुसरी बाजूही आपलीच आहे. माझ्या माहितीतला एक दीड एकरवाला, दुसऱ्याकडे सालदारकी करून याने पैसे जमवले आणि बांधाला लागून असलेल्या दोन एकरांचा सौदा केला. दर वर्षी हप्ता बँकेतून दिला. शेवटचा हप्ता राहिला असताना शेजारून मोठा रस्ता जाणार अशी बातमी आली आणि मालकाच्या मुलांनी सौदा मोडला. ‘तुझे पैसे घे आणि जा.’ त्या पैशात आता त्या रस्त्याच्या आसपास अर्धा एकरही मिळाला नसता. त्याने दावा केला, पासबुक दाखवले, खरेदीखत मिळाले. आपला ठराव मंजूर झाला तर या माणसाला आपण काय सांगणार? शब्द पाळायला लावणारा कायदा नको असे म्हणणाऱ्याने, कबूल केलेल्या भावाने माल न उचलणाऱ्या व्यापाऱ्याविरुद्ध तरी कशी ओरड करायची? जमीन विकण्याचे आणि विकत घेण्याचे स्वातंत्र्य आपण मागतो. मग कपाशीचा भाव पडला तर करार पाळा आणि जमिनीचा भाव चढला तर करार मोडा, असे दोन्हीकडून बोलता येणार नाही.

मूळ रोग वेगळा आहे. विक्रीच्या कागदाआड सावकारी लपते, तो रोग. आणि तिथे कायदा अगदीच आपल्या विरोधात नाही, आपण तो वापरत नाही. १८७२ च्या करार कायद्याचे कलम १६ वाचा. एकाची दुसऱ्यावर पकड असेल आणि व्यवहार उघड उघड अन्यायाचा दिसत असेल, तर दबाव टाकला नाही हे सिद्ध करण्याचा भार पकड असलेल्यावर आहे. त्या कलमाखाली उदाहरण कोणाचे दिले आहे? गावच्या सावकाराचे आणि त्याच्या आधीच कर्जात असलेल्या ऋणकोचे! आणि २०१८ नंतरही विनिर्दिष्ट अनुतोष कायद्याचे कलम ९ तसेच आहे: प्रतिवादीला करार कायद्यातला कोणताही बचाव घेता येतो. दबाव, फसवणूक, धाक, सगळे. न्यायाधीशाचा विवेक गेला, हा बचाव गेलेला नाही. पण तो पहिल्याच लेखी जबाबात, तपशिलासह मांडावा लागतो. आपला माणूस तालुक्याला जाऊन चार ओळींचा ‘मजकूर मान्य नाही’ असा जबाब देतो आणि पुढे दहा वर्षे पस्तावतो.

‘कागदात लिहिले आहे त्याच्या विरुद्ध तोंडी बोलता येत नाही’ असे समोरचा वकील सांगेल. अर्धे खरे आहे. कागदातल्या अटी तोंडी पुराव्याने बदलता येत नाहीत. पण हा कागद अमलात आणण्यासाठी नव्हताच, खरा व्यवहार कर्जाचा होता, हे दाखवायला तोंडी पुरावा चालतो, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८१ साली गंगाबाई विरुद्ध छबुबाई या निकालात सांगितले आहे.

दुसरी वाट २०१४ च्या महाराष्ट्र सावकारी कायद्याची. त्याच्या कलम १८ खाली, सावकारीच्या ओघात कर्जाच्या तारणापोटी जमीन सावकाराच्या ताब्यात गेली असेल, मग ती खरेदीखताने जावो की आणखी कशाने, तर जिल्हा उपनिबंधकाकडे अर्ज करता येतो. अर्जाच्या तारखेच्या आधी पंधरा वर्षांतले व्यवहार तपासता येतात. सावकारी सिद्ध झाली तर कागद रद्द ठरवून जमीन परत देण्याचा आदेश होऊ शकतो. अर्ज साध्या कागदावर लिहिता येतो. पुरावा मात्र हवा. त्याच सावकाराकडे गहाण पडलेल्या इतर दोनचार जणांचे कागद जोडले तर सावकारी दिसते. एकट्याचा कागद हा खाजगी सौदा दिसतो. हे काम एकट्या कास्तकाराचे नव्हे, गावशाखेचे आहे.

साठेखताहून वाईट प्रकार मुदतखरेदीचा. कर्ज देताना सरळ नोंदवलेले खरेदीखतच करून घेतात आणि ‘अमुक वर्षांत पैसे आणलेस तर परत लिहून देईन’ असा वेगळा कागद देतात, कधी तोही देत नाहीत. परतीची अट खरेदीखताच्याच दस्तात असेल तर तो व्यवहार गहाण ठरू शकतो. वेगळ्या कागदावर असेल तर कलम ५८ चे परंतुक आडवे येते आणि गहाण म्हणता येत नाही. मग शेतकऱ्यालाच वादी व्हावे लागते, म्हणजे आपणच खरेदीखत करून मिळण्याचा दावा लावायचा. आणि इथे मुदत अगदी काटेकोर धरतात. साध्या जमीन विक्रीत चार महिने इकडेतिकडे झाले तर कोर्ट एक वेळ चालवून घेईल. परत खरेदीच्या करारात ठरलेला दिवस गेला की हक्क गेला. कापूस विकला जाईपर्यंत थांबू म्हणणाऱ्याची जमीन अशीच जाते.

आता घेणाऱ्यालाही लागू असलेल्या दोनतीन गोष्टी, कारण त्या विकणाऱ्याच्या हातातली शस्त्रे आहेत. दावा करणाऱ्याला सिद्ध करावे लागते की, आपण आपल्या वाट्याचे करायला सतत तयार आणि राजी होतो. हे कलम १६ मध्ये आजही आहे. पाच हजार इसार देऊन अडीच वर्षे गप्प बसलेल्या आणि मदुराईच्या घराचे भाव तिप्पट झाल्यावर जागा झालेल्या खरेदीदाराला सर्वोच्च न्यायालयाने १९९७ साली परत पाठवले होते. व्यापाऱ्याने तीन वर्षांत एकदाही उरलेली रक्कम देऊ केली नसेल तर ते तुमच्या जबाबात ठळक यायला हवे. दाव्याची मुदत तीन वर्षे, कागदातल्या तारखेपासून. तारीखच नसेल तर नकार कळल्यापासून. म्हणजे बिनतारखेचा कागद टांगत्या तलवारीसारखा वर्षानुवर्षे राहतो. मी सही केलेला तसाच होता. आणि हुकूमनामा झाल्यावर घेणाऱ्याने कोर्टाने दिलेल्या वेळेत पैसे भरले नाहीत, तर कलम २८ खाली त्याच दाव्यात करार रद्द करून मागता येतो. निकाल लागला म्हणून फाईल बांधून ठेवू नका.

घेणाऱ्या भावांसाठी एवढेच: ताबा मिळाला म्हणून निवांत राहू नका. २००१ पासून, साठेखत नोंदवलेले नसेल तर त्या ताब्याला कलम ५३-अ चे संरक्षण नाही. दावा लावलात तर इसार परत मिळण्याची मागणीही त्यातच लिहा. न मागता कोर्ट ती देत नाही. मुखत्यारपत्रावर घेतलेली जमीन तुमची झालेली नसते, हे २०११ पासून तरी सगळ्यांना कळायला हवे होते.

नोंदणी का होत नाही, याचे कारणही सांगतो. ताबा दिला किंवा द्यायचा ठरला असेल तर महाराष्ट्रात साठेखतावर खरेदीखताइतकीच स्टँप ड्युटी लागते. पुढे ती खरेदीखतात वळती होते हे खरे, पण आज खिशातून काढायची कोणी? म्हणून कमी किमतीच्या स्टँपवर, अर्जनवीसाच्या टेबलावर, दोन साक्षीदारांच्या सह्यांनी काम उरकते. आणि तिथे घरातली बाई कधीच नसते. आई, बहीण, बायको यांचा हिस्सा असताना एकट्या भावाची सही घेतात आणि भांडण पुढच्या पिढीकडे जाते.

म्हणून बैठकीपुढे मी दुसरा मजकूर ठेवणार आहे. एक, जो माणूस पैसे व्याजाने देतो, परवाना असो वा नसो, त्याने शेतजमिनीच्या साठेखतावर दावा केला तर व्यवहार खरोखर विक्रीचा होता हे त्यानेच सिद्ध करावे, अशी दुरुस्ती कायद्यात व्हावी. करार कायद्याच्या कलम १६ मधले तत्त्व आहे तेच, फक्त ‘अन्यायाचा दिसला तर’ ही पायरी काढून टाकायची. दोन, दहा एकरांपर्यंतच्या जिरायत जमिनीचे साठेखत नाममात्र ड्युटीवर नोंदवून मिळावे. तीन, आपल्यापुरते: रक्कम बँकेतून गेलेली नाही, खरेदीखताची तारीख लिहिलेली नाही, अशा कोणत्याही इसारपावतीवर आपला कार्यकर्ता साक्षीला सही करणार नाही. अडलेला माणूस समोर बसलेला असला तरीही. तिसऱ्या कलमावर मला शिव्या पडतील हे ठाऊक आहे. एकजण आत्ताच म्हणाला, ‘मग तो दीड लाख तुम्ही द्या!’ त्याचे बोलणे रास्त आहे. पतपुरवठ्याचा प्रश्न या ठरावाने सुटत नाही, तो वेगळ्या बैठकीचा विषय आहे.

ज्यांच्याकडे असे कागद आहेत त्यांनी बैठकीला येताना झेरॉक्स आणा, मूळ कागद कोणाच्याही हाती देऊ नका. नोटीस आली असेल तर पाकीटही आणा, त्यावरचा टपालाचा शिक्का लागतो. तीन वकील दुपारी दोनपासून बसणार आहेत.

नाल्याकडच्या तीन एकरांत या वर्षी तूर आणि पऱ्हाटी आहे. विकलेल्या एका एकरात घेणाऱ्याने तार ओढली, त्यामुळे विहिरीकडे जायला याला फेरा पडतो. परवा भेटला तेव्हा त्याच्या पुतण्याला कोणीतरी ट्रॅक्टरसाठी पैसे देतो आहे आणि कागद मागतो आहे, असे तो सांगत होता. मी त्याला कागद घेऊन बैठकीला यायला सांगितले आहे, सही करण्याआधी.